चारशे चौतीस दिवसांचा हिशोब

आमच्या अपिलाला ४३४ दिवस उशीर झाला होता. हा आकडा मला आता मोबाइल नंबरासारखा पाठ आहे. मोटार अपघाताच्या निकालावर उशिरा अपील करता येतं का, असं गेल्या दोन वर्षांत मला चौघापाचजणांनी विचारलं. दरवेळी फोनवर अर्धा तास जातो, म्हणून एकदाच सगळं लिहून काढते. मी वकील नाही. सोलापूरच्या मार्केट यार्डात एका आडत दुकानात कांद्याचे हिशोब लिहिते, त्यामुळे आकडे मात्र नीट सांगेन.

आप्पा, म्हणजे माझे वडील, यंत्रमागावर होते. टॉवेलचा कारखाना, रात्रपाळी, दर आठवड्याला मजुरीचा हप्ता. नोव्हेंबर २०१७ मध्ये सकाळी पाळी सुटल्यावर सायकलवरून घरी येताना अक्कलकोट रोडवर मागून ट्रकने धडक दिली. दोन दिवसांनी गेले. वय ४३. मागे आई, मी, धाकटा भाऊ आणि आज्जी. आई विड्या वळते. मार्च २०१८ मध्ये आम्ही मोटार अपघात न्यायाधिकरणात भरपाईचा दावा दाखल केला. पुढच्या तारखा, साक्षी, उलटतपासणी यांतलं मला फारसं आठवत नाही. मी तेव्हा कॉलेजला होते आणि सगळं आधीच्या वकिलांवर सोडलेलं होतं.

निकाल लागला १२ फेब्रुवारी २०२१ ला. सात लाख ४२ हजार आणि दावा दाखल केल्यापासून सात टक्के व्याज. आम्हाला तो आकडा फार मोठा वाटला. तेव्हाचे वकील म्हणाले, "झालं, आता पैसे जमा व्हायची वाट बघा." विमा कंपनीने सप्टेंबरात रक्कम भरली. काही हातात आली, काही कोर्टाच्या आदेशाने आईच्या नावावर मुदत ठेवीत गेली. निकालाची नक्कल आईने लोखंडी पेटीत, आप्पांच्या मृत्यूच्या दाखल्याखाली ठेवून दिली. रक्कम कमी वाटली तर आपणही वर दाद मागू शकतो, हे आमच्यापैकी कुणालाच माहीत नव्हतं. अपील करायचं ते हरणाऱ्याने, आपण तर जिंकलो, अशी आमची समजूत होती.

जानेवारी २०२३. गड्ड्याची यात्रा सुरू होती, यार्डात कांद्याच्या गाड्यांची रांग लागलेली, आणि भावाची कॉलेजची फी भरायची होती. मुदत ठेव मोडायला गेले तर बँकेने सांगितलं, कोर्टाची परवानगी आणा. आधीच्या वकिलांनी तोवर प्रॅक्टिस बंद केली होती. शेजारच्या काकूंनी एका तरुण वकीलबाईंचं नाव सुचवलं. मी नक्कल घेऊन गेले. त्यांनी ती उभ्या उभ्या चाळली, मग खुर्ची ओढून बसल्या आणि पुन्हा पहिल्या पानापासून वाचायला लागल्या. मला वाटलं, ठेव मोडता येणार नसेल.

"ताई, तुम्ही घरात किती जण?"

"चार."

"मग इथं एक तृतीयांश वजावट कशी?"

हे मला समजायला त्या दिवशी दहा मिनिटं लागली. ते नीट सांगते, कारण निकाल हातात पडल्यावर प्रत्येकाने एवढं तरी स्वतः तपासावं. गेलेल्या माणसाचं वर्षाचं उत्पन्न काढतात, त्यातून तो स्वतःवर जे खर्च करायचा तो भाग वजा करतात, आणि उरलेल्याला वयानुसार ठरलेल्या गुणकाने गुणतात. सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये सरला वर्मा खटल्यात याचा तक्ता घालून दिला. दोन-तीन माणसं अवलंबून असतील तर एक तृतीयांश वजावट, चार ते सहा असतील तर एक चतुर्थांश. वय ४१ ते ४५ असेल तर गुणक १४. पुढे ३१ ऑक्टोबर २०१७ ला प्रणय सेठी खटल्यात असं ठरलं की कायम नोकरी नसलेल्या माणसाचंही उत्पन्न पुढे वाढलंच असतं हे धरायचं : चाळिशीच्या आत ४० टक्के, ४० ते ५० वयाला २५ टक्के, ५० ते ६० ला १० टक्के. आमच्या निकालात उत्पन्न महिना ६,००० धरलं होतं, कारण हप्त्याचा कागदोपत्री पुरावा आम्ही देऊ शकलो नव्हतो. गुणक बरोबर होता. वजावट एक तृतीयांश होती आणि भविष्यातली वाढ शून्य.

मी तिथंच मोबाइलवर आकडेमोड केली. उत्पन्न सहा हजारच ठेवलं तरी फरक पावणेतीन लाखांच्या घरात जात होता. वकीलबाईंनी तारीख बघितली आणि जीभ चावली. मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ नुसार अपील ९० दिवसांत करायचं असतं. आमच्याकडे दोन वर्षं होत आली होती.

मला रडू आलं नाही, राग आला. आधीच्या वकिलांचा नाही, स्वतःचा. रोज दुसऱ्यांच्या हिशोबाच्या पट्ट्या तपासणारी मी, आणि आप्पांच्या हिशोबाची आठ पानं एकदाही वाचली नव्हती.

त्याच कलमात पुढे एक वाक्य आहे. वेळेत अपील न करायला पुरेसं कारण होतं अशी उच्च न्यायालयाची खात्री पटली तर ९० दिवसांनंतरही अपील ऐकता येतं. त्यासाठी अपिलासोबत वेगळा विलंब माफीचा अर्ज द्यावा लागतो. आमचं अर्धं युद्ध त्या एका अर्जावर झालं.

इथं थोडं थांबून तीन गोष्टी सांगते, ज्या मला दहा जणांनी दहा प्रकारे सांगितल्या होत्या. एक, निकालाची रक्कम उचलली म्हणून वाढीव भरपाईचा हक्क जात नाही. दोन, अपील करताना २५ हजार किंवा निम्मी रक्कम, यांतली जी कमी ती आधी भरायची अट आहे, पण ती पैसे देणाऱ्याला, आपल्याला नाही. तीन, बाईमाणसाला उत्पन्न न बघता मोफत विधी सेवा मिळू शकते, १९८७ च्या कायद्याच्या कलम १२ मध्ये तसं स्पष्ट आहे. हे तिसरं मला सगळे पैसे खर्च झाल्यावर कळलं! आणखी एक, शोधाशोधीत भेटलेल्या एका वकिलांनी "फी काही नको, मिळेल त्यातले वीस टक्के द्या" असं सांगितलं होतं. निकालातल्या रकमेत वाटा ठरवून फी घेणं बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही. मी उठून आले.

फेब्रुवारी ते जुलै २०२३ कागद गोळा करण्यात गेले. हे महिने बाहेरच्याला रिकामे दिसतात, पण यार्डात सीझन असताना अर्ध्या दिवसाची सुट्टी मागून नक्कल विभागात जायचं, अर्ज द्यायचा, आठवड्याने परत जायचं, म्हणजे काय ते करणाऱ्यालाच कळतं. साक्षीपुराव्यांच्या नकला, एफआयआर, पंचनामा, शवविच्छेदन अहवाल. मराठी कागदांचं इंग्रजी भाषांतर करून घ्यावं लागलं, कारण उच्च न्यायालयात ते लागतं. नुसत्या नकला, झेरॉक्स आणि भाषांतराला नऊ हजार गेले. नकलेच्या मागच्या शिक्क्यावर तीन तारखा असतात : अर्ज कधी केला, नक्कल तयार कधी झाली, दिली कधी. तो शिक्का झेरॉक्समध्ये स्पष्ट उमटलाय ना, ते बघून घ्या. मुदतीच्या आत अर्ज केला असेल तर नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस मुदतीतून वगळले जातात.

मग उशिराचं कारण लिहायची वेळ आली. मी घरी बसून दोन पानं लिहून नेली. करोना, आईची तब्येत, गरिबी, अज्ञान, सगळं त्यात होतं. वकीलबाईंनी वाचून पानं बाजूला ठेवली.

"करोनाचं कारण आता चालणार नाही."

"का? होता की करोना."

"होता, पण तो काळ सर्वोच्च न्यायालयाने आधीच सगळ्यांसाठी वगळलाय. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२. ज्यांची मुदत मधल्या काळात संपली, त्यांना १ मार्च २०२२ पासून ९० दिवस दिलेत. म्हणजे तुमची मुदत संपली ३० मे २०२२ ला. त्याच्या पुढचं सांगा."

एका वाक्यात आमचा उशीर निम्म्यावर आला. सरळ मोजला असता तर अपील दाखल झालं त्या दिवशी तो ८१६ दिवस भरला असता, तो ४३४ वर आला. पण त्याच वाक्यात माझं सगळ्यात भरवशाचं कारणही गेलं. ज्यांचे निकाल त्या दोन वर्षांतले आहेत त्यांनी हा हिशोब मांडायला विसरू नका. उशीर कमी दिसतो तो वेगळा, आणि कारण नेमकं कुठल्या दिवसांचं द्यायचं हेही कळतं.

"तारखा आणा," त्या म्हणाल्या. "आई आजारी होती असं शंभर अर्जांत असतं. कोण, कधी, कुठं, कागद कुठाय."

घरी आले, आईला विचारलं, २०२२ च्या जूननंतर काय काय झालं? आई म्हणाली, "काय होणार, विड्या वळल्या." मग उठली आणि दाराच्या मागच्या खिळ्यावरून कालनिर्णयची चळत काढली. आमच्याकडे जुनी कालनिर्णय टाकत नाहीत. आई रोज कारखान्यात किती विड्या दिल्या आणि किती छाट (नापास विड्या) निघाली ते त्या त्या तारखेच्या चौकोनात लिहिते. कारखान्याचा हिशोब चुकला तर दाखवायला. ८००, छाट २०. १०००, छाट ३५. दुधाचा खाडा एका कोपऱ्यात. तिथीवर, सणावर, सगळीकडे निळ्या पेनाचे आकडे.

ऑगस्ट २०२२ चं पान काढलं. सतरा तारखेपर्यंत आकडे. अठरापासून कोरं. गणपती बसले त्या ३१ तारखेचा चौकोनही कोरा. सप्टेंबरचं अख्खं पान कोरं, फक्त दोन तारखेला "आत्याबाई घरी" (आई आज्जीला आत्याबाई म्हणते). ऑक्टोबरच्या मध्याला पहिला आकडा, ३००.

त्या ऑगस्टात आज्जी मोरीत घसरून पडली होती. खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन झालं. मी कामावर, भाऊ कॉलेजात, आज्जीचं सगळं आई करायची. हे आम्हाला आठवत होतंच, पण महिना मी डिसेंबर सांगत होते आणि भाऊ जुलै. कॅलेंडरवरून तारखा पक्क्या झाल्या, त्या तारखांवरून दवाखान्यातून डिस्चार्ज कार्ड काढता आलं. दाखल १८ ऑगस्ट, घरी सोडलं २ सप्टेंबर. अर्जाला कार्ड जोडलं. कॅलेंडर कोर्टात दिलं नाही, पण वकीलबाईंनी ते प्रतिज्ञापत्र लिहिताना समोर हवं म्हणून ठेवून घेतलं. आईला ते अजिबात आवडलं नाही. "माझा पुरा वर्षाचा हिशोब आहे त्यात, हरवलं तर?"

उरलेल्या काळाचं खरं तेच लिहिलं. जानेवारी २०२३ पर्यंत असं अपील करता येतं हेच माहीत नव्हतं, आधी "झालं" असं सांगितलं गेलं होतं, आणि कळल्यावर कुठल्या तारखेला कुठला कागद मागितला, कधी मिळाला. माझ्या दोन पानांची चार पानं झाली, पण "गरिबी" हा शब्द एकदाच आला.

७ ऑगस्ट २०२३ ला मुंबईत अपील दाखल झालं. तेव्हा सोलापूरचं उच्च न्यायालय म्हणजे मुंबईच. वकीलबाईंनी तिथले एक सहकारी वकील जोडून दिले. आधी फक्त स्टॅम्प नंबर मिळतो. उशीर माफ झाल्याशिवाय अपिलाला खरा नंबर पडत नाही, हे लक्षात ठेवा, नाहीतर माझ्यासारखं वेबसाइटवर भलत्याच खान्यात केस शोधत बसाल. मग ऑफिसने हरकती काढल्या : दोन पानं अस्पष्ट, एका भाषांतरावर सही नाही, पानांचे नंबर चुकलेले. ठरलेल्या तारखेच्या आत दुरुस्त केल्या नाहीत तर केस तिथंच निकाली निघू शकते, म्हणून त्यांचा पाठपुरावा मी दर सोमवारी फोन करून केला. वकील वैतागले असतील. वैतागू देत.

डिसेंबरात विमा कंपनीला आणि ट्रकमालकाला नोटीस निघाली. मालकाची नोटीस दोनदा परत आली. फेब्रुवारी २०२४ मध्ये एका तारखेला मी स्वतः गेले. जायची गरज नसते, पण मला बघायचं होतं. रात्रीची सिद्धेश्वर, सकाळी सीएसएमटी, तिथून चालत. गेटवर ओळखपत्र दाखवून पास. बोर्डावर आमचा नंबर ८७. दुपारी जेवणाच्या सुट्टीपर्यंत एकतीस झाले, संध्याकाळी कोर्ट उठलं तेव्हा चौसष्ट. आमची केस निघालीच नाही. दिवसभरात मी एक शब्द बोलले नाही की ऐकला नाही, तरी घरी येताना बरं वाटत होतं. आमच्यासारखी खूप माणसं होती तिथं. शेजारी बसलेल्या एका आजोबांचा उशीर अकराशे दिवसांचा होता. माझे चारशे ऐकून ते हसले, म्हणाले, "मग काय, तुमचं लगेच होईल."

जून २०२४ मध्ये झालं. मी यार्डात होते, वकीलबाईंचा फोन आला. विमा कंपनीच्या वकिलांनी विरोध केला होता, की रोजच्या रोज उशिराचं स्पष्टीकरण दिलेलं नाही. यावर सर्वोच्च न्यायालयाचा १९८७ चा कातिजी खटल्यातला निकाल कामी आला. प्रत्येक दिवसाचा खुलासा हवा हे तत्त्व ताणून धरायचं नाही, तसं असेल तर प्रत्येक तासाचा, प्रत्येक सेकंदाचा का नको, असं त्यात विचारलेलं आहे. न्यायालयाने उशीर माफ केला, एका अटीवर : पुढे रक्कम वाढली तर वाढीव रकमेवर या ४३४ दिवसांचं व्याज मिळणार नाही. उशिरा केलेल्या अपिलांत अशी अट बऱ्याचदा घालतात. मला ती रास्त वाटली. उशीर आमचा, त्याचं व्याज दुसऱ्याने का भरावं?

त्यानंतर वर्षभर सांगण्यासारखं काही नाही. अपिलाला नंबर पडला, खालच्या कोर्टातून मूळ रेकॉर्ड मागवलं गेलं, आम्ही वाट बघितली.

१८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं, कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी. आमची फाइलही तिकडे गेली. आता आधीच्या ठिकाणचा नंबर धरून बसू नका, वकिलांकडून नवा तपशील विचारून घ्या. आमच्यासाठी बदल चांगलाच झाला. मंगळवेढा, सांगोला, मिरज करत सकाळी निघालेली एसटी दुपारी कोल्हापुरात सोडते, आणि बायकांना अर्धं तिकीट आहे. नोव्हेंबरात शेवटच्या सुनावणीला मी आईला घेऊन आदल्या दिवशी गेले. सीपीआर दवाखान्यासमोरची जुन्या कोर्टाची इमारत. आईने डब्यात कडक भाकरी आणि शेंगाचटणी आणली होती, ती आम्ही आवाराबाहेर बसून खाल्ली. आत आमची केस अठरा मिनिटं चालली. आईने मला विचारलं, "आप्पांचं नाव कुठं घेतलं नाही की?" खरंच घेतलं नव्हतं. "मयत" म्हणत होते.

निकालाचा हिशोब असा. आम्ही महिना १२,००० मागितले होते, न्यायालयाने ८,००० धरले. त्यात २५ टक्के वाढ, म्हणजे १०,०००. वर्षाचे १,२०,०००, एक चतुर्थांश वजा जाता ९०,०००, गुणिले १४, म्हणजे १२,६०,०००. सहवास गमावल्याबद्दल आई, आम्ही दोघं भावंडं आणि आज्जी यांना प्रत्येकी ४८,४००. अंत्यविधी आणि मालमत्तेच्या नुकसानीपोटी प्रत्येकी १८,१५०. एकूण १४,८९,९००. आधीच्या निकालापेक्षा ७,४७,९०० जास्त.

आता उशिराची किंमत. वाढीव रकमेवर सात टक्क्यांनी दिवसाला साधारण १४३ रुपये व्याज होतं. ४३४ दिवसांचे झाले बासष्ट हजार. पेटीत ठेवलेला कागद मी वाचला असता तर ते वाचले असते. दोन्ही ठिकाणची फी, कागद, प्रवास धरून आमचा खर्च ७१ हजारांच्या घरात गेला. यातला बराचसा विधी सेवा समितीकडे अर्ज केला असता तर टळला असता.

ज्यांचा अपघात १ एप्रिल २०२२ नंतरचा आहे, त्यांच्यासाठी दोन फरक आहेत. मूळ दाव्यालाच कायद्याने सहा महिन्यांची मुदत घातली आहे, आणि वादातली रक्कम एक लाखापेक्षा कमी असेल तर अपील होत नाही. तेव्हा वकिलांना पहिल्याच भेटीत हे विचारा.

विमा कंपनीने जानेवारी २०२६ मध्ये रक्कम भरली. तेव्हा व्याजावर टीडीएस, म्हणजे आयकर, आधीच कापला गेला आणि त्यासाठी सगळ्या अर्जदारांची पॅन कार्डं लागली. आज्जीचं नव्हतं, त्यात पंधरा दिवस गेले.

गेल्या रविवारी वकीलबाईंकडून फाइल परत आणली. चांगली वीतभर जाड झालीय. घरी आले तर आई दारातच होती. तिने फाइलकडे बघितलंही नाही.

"माझं कॅलेंडर आणलंस?"

सगळ्यात खाली होतं. ऑगस्टच्या पानाला वर स्टेपलरची पिन मारलेली, चौथ्या आठवड्यावर पेन्सिलीची खूण. आईने पिन नखाने उचकटून काढली, पान खाली करून सरळ केलं आणि चळतीत २०२१ आणि २०२३ च्या मध्ये सरकवून दिलं.